प्रायोगिक सिनेमाचा निर्माता: पोट कशावर भरतं?

प्रश्न असा आला आहे: 'मी २९ वर्षांचा, पुण्यात जाहिरातपटांसाठी लाइन प्रोड्यूसर (शूटिंगची रोजची व्यवस्था आणि खर्च बघणारा) म्हणून सहा वर्षं काम करतोय. एका मित्राकडे फीचरची पटकथा आहे. तिच्यात गोष्ट म्हणावी अशी नाही, पण ती डोक्यातून जात नाही. घरचा पैसा नाही. असल्या सिनेमांचा निर्माता म्हणून करिअर होतं का? पोट भरतं का? सुरुवात कुठून करायची?'

पोटापासून सुरू करते, कारण तिथलं उत्तर सरळ आहे. गेल्या २२ वर्षांत माझं घर फक्त प्रायोगिक सिनेमावर चाललं असं एकही वर्ष गेलेलं नाही. घर चालतं जाहिरातपटांवर, कंपन्यांच्या फिल्म्सवर आणि मुंबईत शूटिंगला येणाऱ्या परदेशी युनिटची व्यवस्था बघण्यावर. वर्षातले सातेक महिने ते, उरलेले हे. तुमची सहा वर्षं फुकट गेली असं वाटत असेल तर ते डोक्यातून काढा. पहाटे चारला जनरेटर बंद पडल्यावर कुणाला फोन करायचा हे ज्याला माहीत आहे, तो कलात्मक सिनेमात सोन्याहून महाग असतो. आमच्याकडे सिनेमावर बोलणारे खूप आहेत, परवानगीसाठी वॉर्ड ऑफिसच्या बाकावर तीन तास बसणारे कमी.

एक चूक मात्र मी पहिल्या दोन्ही चित्रपटांत केली, ती तुम्ही करू नका. बजेटमध्ये 'निर्मात्याचं मानधन' या ओळीसमोर मी शून्य लिहिलं. तेव्हा मोठेपणा वाटला. पुढे एका परदेशी सहनिर्मातीने तो कागद बघून विचारलं, 'मग तुम्ही हे अर्ध्यावर सोडणार नाही कशावरून?' युरोपातल्या निधीच्या अर्जात निर्मात्याचं मानधन आणि कार्यालयाचा खर्च अशा वेगळ्या ओळी असतात. त्या रिकाम्या दिसल्या की वाचणारा समजतो, माणूस नवखा आहे. रक्कम नंतर उशिराने घ्या, अर्धी सोडून द्या, पण कागदावर ती असू द्या.

आता खरा प्रश्न. निर्माता म्हणजे पैसेवाला, हा आपल्याकडचा जुना समज. माझ्या पहिल्या शूटिंगला स्पॉटदादांनी मलाच विचारलं होतं, 'मॅडम, शेठ कधी येणार?' मीच शेठ आहे म्हटल्यावर त्यांनी माझ्या चपलांकडे बघितलं. पण घरचा पैसा नसणं ही या कामातली सर्वांत मोठी अडचण नव्हे. अशा सिनेमाला पैसा कमी लागतो आणि वेळ फार लागतो. दिग्दर्शकाला तो वेळ मिळवून देणं, आणि तो कुणी कुरतडणार नाही हे बघणं, हे निर्मात्याचं काम. बाकीचं सगळं, अर्ज, करार, महोत्सव, या एका कामासाठी असतं.

उदाहरण मराठीतलंच घ्या. चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' २०१४ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवाला गेला. तिथे ओरिझोंती या, मुख्य स्पर्धेहून वेगळ्या विभागातला सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला, पदार्पणासाठीचा 'लायन ऑफ द फ्यूचर' मिळाला, आणि पुढे राष्ट्रीय पुरस्कारांत सुवर्णकमळ. निर्माते विवेक गोम्बर, ज्यांनी त्यात बचावपक्षाच्या वकिलाची भूमिकाही केली. लोकांना पुरस्कार आठवतात. मला आठवतं ते त्याआधीचं. पटकथेचं एक पानही झालेलं नसताना गोम्बर यांनी ताम्हाणे यांना लिहिण्यासाठी दरमहा ठरावीक रक्कम दिली. रॉटरडॅम चित्रपट महोत्सवाच्या ह्यूबर्ट बाल्स फंडाचा पटकथेसाठीचा आधार त्यानंतर आला. पुढचा 'द डिसायपल' व्हेनिसच्या मुख्य स्पर्धेत पोचायला २०२० उजाडलं. दोन चित्रपटांमध्ये सहा वर्षं, निर्माता तोच. असं एक नातं टिकवता आलं तर तुमचं करिअर झालं म्हणायचं.

आणि असा माणूस पाठीशी नसला तर? कुमार शहानींचा 'माया दर्पण' १९७२ चा, पूर्ण लांबीचा पुढचा 'तरंग' १९८४ चा. मधली बारा वर्षं दिग्दर्शक म्हातारा होत नव्हता, ऐन उमेदीत होता. हा हिशेब मी नव्या मुलांना नेहमी सांगते. त्या काळात फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन हे सरकारी महामंडळ होतं, १९६० साली स्थापन झालेलं. 'भुवन शोम', 'उसकी रोटी' त्याच्याच पैशावर झाले. पण ते कर्ज होतं, फेडायचं होतं, आणि सिनेमा चालवायला थिएटर नव्हतं. सरकारने पैसे दिले एवढ्यावर आपण थांबतो. त्या पैशाच्या आणि दिग्दर्शकाच्या मध्ये उभं राहणारं कुणी नव्हतं, याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

असं मध्ये उभं राहणं म्हणजे काय, हे बघायला मुंबईतल्या पेडर रोडच्या फिल्म्स डिव्हिजनचा, म्हणजे माहितीपट काढणाऱ्या सरकारी खात्याचा, १९६५ नंतरचा काळ वाचा. जाँ भावनगरी युनेस्कोतून मुख्य सल्लागार म्हणून आले आणि दोनेक वर्षांत त्या सरकारी इमारतीत काय काय झालं! मकबूल फिदा हुसेन यांच्या हाती कॅमेरा आला, आणि त्यांच्या 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर'ला १९६७ मध्ये बर्लिन महोत्सवात लघुपटाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्ण अस्वल, मिळाला. एस. एन. एस. शास्त्रींचा 'आय अ‍ॅम ट्वेंटी' त्याच वर्षीचा. प्रमोद पतींचा 'एक्सप्लोरर' १९६८ चा, आजही विद्यार्थ्यांना दाखवला की दोघं-तिघं विचारतात हा खरंच सरकारने काढला का. आणि फिल्म्स डिव्हिजनच्या फिल्म्स तेव्हा थिएटरात मुख्य चित्रपटाआधी सक्तीने दाखवल्या जायच्या. भावनगरी फार टिकले नाहीत. खुर्चीवर बसून हे काम करणाऱ्याचं आयुष्य त्या खुर्चीइतकंच. म्हणून मी नोकरीत राहून हे करण्याच्या फंदात पडले नाही, पण तुमचा स्वभाव वेगळा असू शकतो. संस्थेत चांगला माणूस बसला की दहा दिग्दर्शकांचं भलं होतं.

दुसरा नमुना विलायतेतला, निर्माता कीथ ग्रिफिथ्स. माझ्यासाठी या धंद्यातला आदर्श तोच. क्वे या जुळ्या भावांबरोबर १९८० च्या सुमारास स्टुडिओ काढला, बाहुल्या हलवून एकेक फ्रेम घ्यायची असली कामं. १९८२ साली चॅनेल फोर सुरू झाल्यावर त्या वाहिनीकडून आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटकडून पैसा आणला. 'स्ट्रीट ऑफ क्रोकोडाइल्स' १९८६ चा. प्रागच्या यान श्वांकमायरचा 'अ‍ॅलिस' परदेशी पैशावर उभा राहिला त्यातही तो होता. पुढे रॉटरडॅम महोत्सवाचे माजी संचालक सायमन फील्ड यांच्याबरोबर जोडी जमली. २००६ मध्ये मोझार्टच्या २५० व्या जयंतीनिमित्त व्हिएन्नाच्या महोत्सवाने त्यांच्याकडे चित्रपटांची मालिका सोपवली. मोझार्टवर एकही नाही! थायलंड, पॅराग्वे, इंडोनेशिया, चाड अशा ठिकाणचे दिग्दर्शक, आणि त्यातलेच एक अपिचातपाँग वीरसेताकुल. चार वर्षांनी, २०१० मध्ये, याच जोडीचा सहभाग असलेल्या त्यांच्या 'अंकल बूनमी'ला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, पाम द'ओर, मिळाला. जुळ्या बाहुलीवाल्यांपासून पाम द'ओरपर्यंत तीस वर्षं. यात नशीब आहेच, पण प्रत्येक वेळी त्याने वेगळी तिजोरी शोधली: टीव्ही आटला तर महोत्सव, महोत्सव आटला तर चार देशांची सहनिर्मिती.

पैशांच्या वाटांवर थोडं. पटकथेच्या टप्प्यावर ह्यूबर्ट बाल्स फंड दहा हजार युरो देतो. रक्कम छोटी, पण ते नाव कागदावर आलं की पुढची दारं किलकिली होतात. बर्लिनचा वर्ल्ड सिनेमा फंड २००४ पासून आहे, त्याला जर्मन भागीदार लागतो. फ्रान्सच्या निधीला फ्रेंच सहनिर्माता लागतो आणि मिळालेल्या पैशाचा मोठा वाटा तिथेच खर्चावा लागतो, म्हणजे तुमचं साउंड मिक्सिंग किंवा ग्रेडिंग (चित्रांच्या रंगांवरचं काम) पॅरिसला. दिग्दर्शक खूश होतो. तुम्ही मात्र विमानाची तिकिटं, तिथला मुक्काम आणि दोन देशांतले सबटायटल्सचे वाद यांचा हिशेब आधीच करा. हे भागीदार भेटतात कुठे? आपल्याला सर्वांत जवळ गोवा. एनएफडीसीने, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाने, २००७ साली तिथे फिल्म बझार हा सहनिर्माते आणि खरेदीदार भेटण्याचा बाजार सुरू केला, नोव्हेंबरात इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या बरोबरीने भरतो. पहिल्या वर्षी पटकथा न घेता नुसते जा. कोण कुणाशी बोलतं, कोण फक्त कार्ड वाटतं, ते बघा. पायल कपाडियांच्या 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'ला २०२४ मध्ये कानला ग्राँ प्री हा दुसऱ्या क्रमांकाचा पुरस्कार मिळाला, तेव्हा सगळीकडे भारताचा झेंडा फडकला. मुंबई आणि रत्नागिरीतली ती गोष्ट, पण मुख्य निर्माते पॅरिसच्या छोट्या कंपनीतले होते. ते दिग्दर्शिकेच्या आधीच्या 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग'पासून सोबत होते. इथेही तीच गोष्ट: एकाच माणसाच्या मागे टिकून राहणं.

परदेशातून पैसा येण्याआधी सीएकडे जा, आल्यावर नको. तो देणगी म्हणून येतोय, की हक्कांच्या मोबदल्यात, यावर नियम बदलतात. माझा पहिला हप्ता बँकेत पाच आठवडे अडकला होता, आणि कॅमेरावाल्याला मी रोज 'उद्या' सांगत होते.

लॅब, म्हणजे पटकथेवर सल्लागारांबरोबर काम करण्याच्या कार्यशाळा, यांच्याबद्दल माझं मत लोकांना आवडत नाही, तरी सांगते. पटकथा-लॅब दोन झाल्या की थांबा. प्रत्येक लॅबमध्ये तीन हुशार माणसं तुमच्या मित्राला विचारतील, 'पण नायकाला हवंय काय?' पहिल्यांदा तो चिडेल, दुसऱ्यांदा विचार करेल, चौथ्यांदा उत्तर तयार ठेवेल. आणि ते तयार उत्तर पटकथेत शिरलं की गोष्ट नसलेली तुमची पटकथा बऱ्यापैकी गोष्ट असलेली आणि अजिबात लक्षात न राहणारी होते. एका चित्रपटाचं हे माझ्या डोळ्यांदेखत झालं. दिग्दर्शकाला पाचव्या लॅबला जाण्यापासून अडवायचं काम माझं होतं, मी अडवलं नाही, कारण विमानाचं तिकीट फुकट होतं.

आता कागद. हा भाग कंटाळवाणा आहे आणि माझी सर्वांत मोठी ठेच इथेच लागली. दुसऱ्या चित्रपटात कुर्ल्याच्या एका चहाच्या टपरीवर सात मिनिटांचा एक सलग शॉट होता. मागे टपरीवाल्याचा रेडिओ चालू, त्यावर जुनं हिंदी गाणं. दिग्दर्शकाला ते इतकं आवडलं की बंद करू दिलं नाही. आवाज थेट, संवादांच्या खालीच गाणं. महोत्सवात निवड झाली, विक्रीसाठी एजंट मिळाला, आणि त्याच्या वकिलाने पहिलीच यादी मागितली: चित्रपटात ऐकू येणारं सगळं संगीत आणि त्याचे हक्क. गाण्याच्या मालक कंपनीने सांगितलेली रक्कम आमच्या अख्ख्या ध्वनिमुद्रणाच्या खर्चाहून जास्त होती. शेवटी संवाद पुन्हा डब केले, टपरीचा आवाज नव्याने रचला. शॉट आजही आहे, पण त्यातला जीव गेला हे आम्हा दोघांना माहीत आहे. शूटिंगच्या दिवशी रेडिओवाल्याला पन्नास रुपये देऊन तो बंद करायला लावणं हे माझं काम होतं. आता कॉल शीटवर (शूटिंगच्या दिवसाचं वेळापत्रक आणि सूचनांचा कागद) मी एक ओळ कायम घालते: 'गाणी वाजत असतील तर बंद करवून घेणे'. तशीच पटकथेच्या हक्कांची साखळी. लेखक कोण, कादंबरीवर आहे का, कुणाच्या आठवणींवर आहे का, प्रत्येकाची सही. पाच वर्षांनी सही मागायला गेलात तर माणसं बदललेली असतात, कधी नसतातच.

महोत्सवाचं गणित थोडक्यात. पहिला जागतिक प्रीमियर एकदाच होतो. रॉटरडॅम आणि बर्लिन वर्षाच्या सुरुवातीला, कान मे महिन्यात, लोकार्नो ऑगस्टमध्ये, व्हेनिस त्याच्या पाठोपाठ. उतावीळपणे कुठल्या तरी छोट्या महोत्सवाला होकार दिला तर ही दारं बंद. दिग्दर्शक आठ महिने थांबायला तयार नसतो, त्याचे आईवडील तर नसतातच. त्यांची समजूत घालायला मी दोनदा सांगलीला गेले आहे. प्रीमियरनंतरचे महोत्सव चित्रपट दाखवण्याचं भाडं देतात. काहीशे युरो असतं, मागितलं तरच मिळतं, आणि ते मागायला आपल्याला संकोच वाटतो. माझ्या तिसऱ्या चित्रपटाने त्या भाड्यातून सबटायटल्स आणि डीसीपीचा (थिएटरात दाखवायच्या डिजिटल प्रतीचा) खर्च काढला. चित्रपट जरा चित्रकलेच्या अंगाने जाणारा असेल तर कलादालनांची वाटही आहे. तिथे फिल्म मोजक्या प्रतींत विकली जाते, तिसऱ्या खरेदीदाराची प्रत पहिल्यापेक्षा महाग. ते जग वेगळं आहे, मला अजून नीट जमलेलं नाही.

भारतात दाखवायचा म्हणजे सेन्सॉर. महोत्सवांना मंत्रालयाकडून सूट मिळते, थिएटरला प्रमाणपत्र लागतंच. पूर्वी बोर्डाच्या निर्णयाविरुद्ध अपील न्यायाधिकरण होतं, ते २०२१ मध्ये बरखास्त झालं. आता दाद मागायची तर थेट उच्च न्यायालय, आणि वकिलाच्या एका तारखेत आमच्यासारख्यांचं पोस्टरचं बजेट जातं. त्यामुळे कुठल्या दृश्यावर भांडायचं हे शूटिंगच्या आधीच दिग्दर्शकाशी बोलून ठेवा.

आणि शेवटचं काम, ज्याबद्दल अर्जात रकाना नसतो: चित्रपट जपणं. १९७६ साली पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्यांनी 'युक्त' ही सहकारी संस्था काढून 'घाशीराम कोतवाल' केला. तेंडुलकरांची पटकथा, दिग्दर्शनात मणि कौल, के. हरिहरन, कमल स्वरूप, सईद मिर्झा. मराठीतला सर्वांत धाडसी सामूहिक प्रयोग. आणि तो वाचला कुठे? बर्लिनच्या आर्सेनाल या फिल्म-संग्रहात! तिथल्या प्रतीवरून डिजिटल आवृत्ती झाली, तेव्हा आपल्याकडच्या नव्या पिढीने तो पाहिला. सोळा जणांचा चित्रपट असला की प्रत कुणाच्या घरी ठेवायची हा प्रश्न कुणाचाच नसतो. त्याच कमल स्वरूप यांचा 'ओम दर-ब-दर' एनएफडीसीने काढला, १९८८ मध्ये बर्लिनला दाखवला गेला, आणि भारतातल्या थिएटरात लागला १७ जानेवारी २०१४ ला. मधल्या २६ वर्षांत तो चोरट्या व्हिडिओ प्रतींवर जगला. २०१४ ला अंधेरीत मी पाहिला तेव्हा माझ्या शेजारच्या मुलाचा जन्म तो बनला त्यानंतरचा असावा, आणि त्याला संवाद पाठ होते. आजच्या हार्ड डिस्कचं आयुष्य फिल्मच्या डब्यापेक्षाही कमी, म्हणून तीन प्रती, तीन पत्त्यांवर, आणि एक पुण्याच्या फिल्म अर्काइव्हकडे. माझी एक प्रत आत्याकडे कोल्हापूरला कपाटात आहे, लोणच्याच्या बरणीशेजारी. दर दिवाळीला जाऊन जोडून बघते.

सुरुवात कुठून, असं विचारलंत. तुमच्या मित्राची पटकथा मी वाचलेली नाही, त्यामुळे ती करावी की नाही हे सांगणार नाही. पण या महिन्यात एवढं करता येईल. मित्राला विचारा, लिहायला त्याला अजून किती महिने हवेत आणि तेवढे महिने तो भाडं कशातून भरणार. ती रक्कम जाहिरातींच्या कामातून तुम्हाला देता येते का, निम्मी तरी, ते बघा. येत असेल तर तुम्ही निर्माते झालात, कार्ड छापायची गरज नाही. नसेल येत, तर त्याला तसं स्पष्ट सांगा आणि आधी एक दहा मिनिटांची फिल्म दोघं मिळून करा, कारण एकमेकांना रात्री तीन वाजता सहन करता येतं का हे पटकथेवरून कळत नाही.

दोघांत एक करारही करा, दोन पानांचा. पटकथेवर तुमचा हक्क किती वर्षं, त्याचे पैसे किती, भांडण झालं तर ती परत कशी जाईल, आणि अंतिम कट, म्हणजे संकलनाचं शेवटचं रूप, कुणाचा. यातलं शेवटचं कलम लिहिताना तुम्ही अडाल. माझं असं आहे: कट दिग्दर्शकाचा, पण मला तीन वेळा, लेखी, 'अजून लांब आहे' म्हणण्याचा अधिकार. आजवर सात चित्रपटांत मिळून तो नऊ वेळा वापरला, दोनदा ऐकलं गेलं. करार मराठीतच लिहा, मित्राच्या आईलाही वाचता येईल असा. पुढे मध्यस्थी बहुतेक त्याच करतील.